कीशचा कीस

गेले चार वीकएंड मी एकच पदार्थ करतोय. कीश. तेही अंडं नाही, दूध नाही, चीज नाही असं. तीन वेळा फसलं, चौथ्यांदा जमलं. आनंदाच्या भरात आईला फोन केला तर म्हणाली, "कीस? कशाचा, बटाट्याचा? आज कुठला उपास रे?" म्हटलं, कीस नाही गं, कीश. श शहामृगातला. "बरं बरं. मग त्यात दाण्याचं कूट घातलंस ना?"

असो. पदार्थ जमला, पण त्यावरून तीन माणसांनी मला तीन वाक्यं ऐकवली आणि माझं डोकं फिरलं. आजचा लेख त्या वाक्यांवर आहे. मधे रेसिपीही आहे. ज्यांना फक्त खाण्यात रस आहे त्यांनी सरळ तिथे उडी मारावी, राग नाही.

पहिलं वाक्य ऑफिसातलं. सोमवारी डब्यातून नेलं होतं. टीममधला एक मित्र दीड वर्षं फ्रान्सला ऑनसाइट राहून आलाय. त्याने एक तुकडा खाल्ला, दुसरा उचलला आणि म्हणाला, "चव मस्त आहे रे. पण याला कीश म्हणू नकोस. अंड्याशिवाय कसलं कीश? बेसनाचा केक म्हण."

दुसरं वाक्य घरमालकीण काकूंचं. त्या खालच्याच मजल्यावर राहतात. फ्लॅटची किल्ली देताना त्यांनी मला बजावलं होतं, "घरात अंडंसुद्धा नको हं." करारात हे कुठेही नाही, पण पुण्यात भाड्याने राहिलेल्यांना हा प्रकार नवीन नाही. मी त्यांना बशीतून दोन तुकडे नेऊन दिले. काकूंनी आधी विचारलं, "अंडं नाही ना?" नाही म्हटल्यावर चेहरा खुलला. "छान केलंस बाळा. शुद्ध आहे म्हणजे. असंच राहावं माणसाने."

तिसरं वाक्य शेवटी सांगतो, कारण खरी चीड त्याचीच आहे.

आधी फ्रान्सवाल्या मित्राचा मुद्दा घेऊ. 'खरं कीश' म्हणजे काय? कीश म्हणजे मैद्याच्या खुसखुशीत पारीत अंडी आणि क्रीमचं मिश्रण ओतून ओव्हनमध्ये सेट केलेला, खारट चवीचा पदार्थ. सगळ्यात प्रसिद्ध कीश लोरेन. हा लोरेन प्रांत फ्रान्सच्या ईशान्येला, जर्मनीला लागून. त्याचा काही भाग १८७१ ते १९१८ या काळात जर्मनीतच होता. 'कीश' हा शब्दसुद्धा जर्मन 'कूखन', म्हणजे केक, यावरून आलाय असं मानतात. म्हणजे मित्रा, तू ज्याला टोमणा म्हणून 'केक' म्हणालास, ते त्या पदार्थाचं मूळ नावच आहे :-)

पुढे ऐका. जुन्या कीशची पारी पावाच्या कणकेची असायची, आजची लोण्याची खुसखुशीत पारी नंतर आली. मूळ कीश लोरेनमध्ये अंडी, क्रीम आणि डुकराच्या मांसाचे तुकडे असत. चीज नसायचं, ते नंतर शिरलं, आणि आज चीज नसलेलं कीश शोधावं लागतं. २०२३ साली ब्रिटनचे राजे चार्ल्स यांच्या राज्याभिषेकासाठी जे अधिकृत कीश ठरवलं, त्यात मांस नव्हतं. पालक, ब्रॉड बीन्स आणि चेडर चीज होतं. तेव्हा पारी बदलली तरी कीश, चीज घुसलं तरी कीश, मांस गेलं तरी कीश. आणि अंडं गेलं की एकदम 'बेसनाचा केक'? हे कुठलं व्हर्जन कंट्रोल?

आणि 'खरं' काय, 'खोटं' काय हा रोग आपल्या धंद्यात तर फारच जुना आहे. १९८२ साली अमेरिकेत ब्रूस फायरस्टीन यांचं एक विनोदी पुस्तक आलं होतं, 'रिअल मेन डोन्ट ईट कीश'. खरे पुरुष कीश खात नाहीत! पुढच्याच वर्षी एड पोस्ट नावाच्या माणसाने त्यावर बेतून 'डेटामेशन' मासिकात एक पत्र लिहिलं, 'खरे प्रोग्रामर पास्कल वापरत नाहीत' अशा अर्थाचं. खरे प्रोग्रामर फोरट्रानमध्ये लिहितात आणि पास्कलवाले म्हणजे 'कीश खाणारे', असा त्याचा सूर. ती थट्टा होती. पण आपल्यातले अर्धे लोक अजून ती सिरियसली जगतात. खरा प्रोग्रामर आयडीई वापरत नाही, खरा प्रोग्रामर माउसला हात लावत नाही. त्याच चालीवर खरं कीश अंड्याशिवाय होत नाही.

इंजिनियरने खरा प्रश्न विचारायला हवा तो असा: या पदार्थात अंडं नेमकं काय काम करतं?

अंडं तिथे शोभेला नसतं. ते चार कामं करतं. एक, पातळ मिश्रण घट्ट करतं. दोन, भाज्या एकत्र धरून ठेवतं. तीन, रंग आणि स्निग्धपणा देतं. चार, ती खास अंड्याची चव देतं. पहिलं काम सगळ्यात अवघड. अंड्यातली प्रथिनं साधारण ६० ते ७० अंश सेल्सिअसला उलगडतात, एकमेकांत अडकतात आणि त्यांचं एक जाळं तयार होतं. त्या जाळ्यात पाणी अडकून बसतं. दूध-क्रीम घालून मिश्रण पातळ केलं की हेच काम ८० अंशांच्या आसपास होतं. आता मला पाणी धरून ठेवणारं दुसरं जाळं हवं होतं. इंटरफेस तोच, आतलं इम्प्लिमेंटेशन वेगळं.

नेटवर शोधलं तर टोफू घ्या, काजू भिजवा, न्यूट्रिशनल यीस्ट घाला, तयार 'व्हीगन एग'ची बाटली आणा. बाटलीतल्या अंड्याचं गाजलेलं अमेरिकन उत्पादन कशाचं असतं माहितीये? मुगाच्या प्रथिनांचं. आपल्या आज्या मुगाची धिरडी घालत आल्या, आणि आपण तोच मूग परदेशी बाटलीत शोधायचा!

मी दोन वीकएंड टोफूवर घालवले. पहिल्यांदा खोबणीतल्या ओल्या खडूसारखं झालं, दुसऱ्यांदा तसंच, फक्त मीठ जास्त. मग एकदा रात्री साडेअकराला पिठलं ढवळताना ट्यूब पेटली. अरे, हेच तर आहे ते! गरम पिठलं ताटात सांडतं आणि सकाळी उरलेलं पिठलं सुरीने कापता येतं. सुरळीची वडी काय, पाटवडी काय, दोन्हीकडे हेच जाळं आहे. बेसनातला स्टार्च गरम पाण्यात फुगतो, सोबत डाळीची प्रथिनं असतात, आणि गार होताना सगळं घट्ट बसतं. मंडळी, घट्ट बसणाऱ्या बेसनाचं शास्त्र महाराष्ट्राच्या प्रत्येक स्वयंपाकघरात आहे, फक्त त्याला कुणी 'एग रिप्लेसर' म्हणालं नाही.

आणि हे फक्त आपलंच आहे असंही नाही. फ्रान्समधल्याच नीस शहरात सोका म्हणून हरभऱ्याच्या पिठाचं जाड धिरडं ओव्हनमध्ये भाजतात. मार्सेच्या बाजूला पानीस म्हणजे हरभऱ्याचं पीठ शिजवून, थापून, कापून तळतात. थोडक्यात फ्रेंच पाटवडी. ब्रह्मदेशातला शान टोफू तर सोयाबीनचा नसतोच, बेसनाचा असतो. तेव्हा फ्रान्सवाल्या मित्रा, बेसन फ्रान्सला परकं नाही. तू नीसला गेला नाहीस इतकंच.

तिसऱ्या वीकएंडला बेसन वापरूनही फसलं, ते का हे सांगतो, म्हणजे तुमचा एक रविवार वाचेल. मी बेसन पाण्यात कालवून कच्चंच पारीत ओतलं आणि ओव्हनमध्ये सरकवलं. अर्ध्या तासाने वर छान तपकिरी साय. सुरी घातली तर खाली बेसनाचा गाळ, मधे पाणी, आणि कच्च्या पिठाचा वास. पिठाला ढवळणारं कुणी नव्हतं, ते तळाशी जाऊन बसलं. आपल्याकडे पिठलं कुणी ओव्हनमध्ये ठेवून विसरत नाही, त्यामागे कारण आहे.

आता चौथ्या वेळचं, म्हणजे जमलेलं. २० सेंटीमीटरचा गोल टिन, साधा ओटीजी, वाटी २०० मिलीची.

पारी: पाऊण वाटी कणीक, पाऊण वाटी मैदा, मीठ, चार मोठे चमचे तेल. इथे इंग्रजी रेसिप्या थंड लोण्यावर पानंच्या पानं लिहितात. आपल्याकडे त्याला एकच शब्द आहे: मोहन. तेल पिठाला चोळून मुठीत दाबलं की मूठ वळली पाहिजे. तेलाने पिठाचे कण माखतात, मग पाणी घातल्यावर कणीक चिवट होत नाही, म्हणून करंजी खुसखुशीत होते आणि कीशसुद्धा. गार पाणी घालून घट्ट भिजवा, वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा, दोन प्लॅस्टिकमधे लाटा, टिनमध्ये बसवा, काट्याने टोचा. वर फॉइल घालून त्यात कोरडा राजमा भरा, नाहीतर पारी फुगते. १९० अंशांवर पंधरा मिनिटं, मग राजमा काढून आणखी दहा मिनिटं.

भाज्या: एक जुडी पालक, एक कांदा, मूठभर मशरूम, चार पाकळ्या लसूण. मशरूम आणि पालक परतून त्यांचं पाणी पूर्ण आटवायचं. पालक हातात घेऊन पिळायचा. इथे आळस केलात तर खाली पारीचा चिखल होईल.

सारण: पाणी किती, हाच सगळा खेळ. सुरळीच्या वडीला वाटीभर बेसनाला तीन वाट्या ताक जातं. पाटवडीला दोनच्या आत पाणी. कीश पाटवडीपेक्षा मऊ हवं आणि सुरळीपेक्षा घट्ट, म्हणून मी अडीचवर आलो. एक वाटी बेसन, एक वाटी नारळाचं घट्ट दूध, दीड वाटी पाणी. चिमूटभर हळद, मिरपूड, थोडं जायफळ (हे अस्सल कीशमधलं आहे बरं का), चमचाभर तेल, थोडं मीठ. गुठळ्या मोडून गाळून अर्धा तास ठेवा. मग मंद गॅसवर आठ-दहा मिनिटं न थांबता ढवळा. चाचणी सुरळीच्या वडीचीच: थेंबभर ताटलीवर पसरवा, गार झाला की सुटून आला पाहिजे. तसं झालं की लगेच गॅस बंद. चमचाभर लिंबाचा रस आणि पाव चमचा काळं मीठ घाला. काळ्या मिठात गंधकाचा जो वास असतो, तोच उकडलेल्या अंड्याचाही असतो. फार शिजवलं तर तो उडून जातो, म्हणून शेवटी. भाज्या मिसळा, गरम असतानाच पारीत ओता आणि वरून सपाट करा, कारण ते तुमची वाट बघत थांबत नाही. १८० अंशांवर पंचवीस-तीस मिनिटं, वर डाग पडेपर्यंत.

आणि मग एक तास हात लावायचा नाही. बेसनाचं जाळं गार होताना पक्कं होतं. गरम कापलंत तर पिठलंच मिळेल. चांगलं मिळेल, पण पिठलंच.

प्रोटीनवाल्यांसाठी: शंभर ग्रॅम बेसनात वीसेक ग्रॅम प्रथिनं असतात, म्हणजे तीन अंड्यांच्या आसपास. बी-१२ मात्र यात शून्य. पूर्ण व्हीगन असाल तर त्याची सोय वेगळी करावी लागेल, बेसन ते काम करणार नाही. आणि चव? पहिल्या घासाला अंड्यासारखी वाटते, तिसऱ्या घासाला आपली बेसनाची जाणवते. मला ती आवडते. कुणाला फसवायला मी ते केलेलं नाही.

आता काकूंकडे वळतो.

काकू, मी अंडी खातो. तुमच्या घरात नाही खात, कोपऱ्यावरच्या गाडीवर खातो, आठवड्यातून दोनदा, डबल भुर्जी आणि चार पाव. हे कीश करून मी 'शुद्ध' झालो नाही आणि कालपर्यंत अशुद्धही नव्हतो. तुमच्या घरी अंडं शिजू नये असं तुम्हाला वाटतं, ते मी पाळलं. पण अंडं नसणं हा काही गुण नाही. खडूतही अंडं नसतं.

शिवाय ज्यांना आपण सरसकट 'एगलेसवाले' म्हणतो, त्यांची कारणं एकमेकांशी जुळतही नाहीत. व्हीगन माणूस अंडं सोडतो ते कोंबडीसाठी. पिंजऱ्यात कोंबलेल्या कोंबड्या, हॅचरीत जन्मतःच मारली जाणारी नर पिल्लं, हा त्याचा मुद्दा, आणि तो मला अजून नीट खोडता आलेला नाही. म्हणून तो दूध-तूपही सोडतो. काकूंना साजूक तूप मात्र हवंच. तिथे मुद्दा कोंबडीचा नाही, सोवळ्याचा आहे. एकाने स्वतःला प्रश्न विचारलाय, दुसऱ्याने भाडेकरूला अट घातलीये. ताटात दोन्ही सारखी दिसतात, म्हणून ती एक होत नाहीत.

हे सोवळं दुसऱ्याच्या ताटापर्यंत गेलं की महाग पडतं. महाराष्ट्रात नोव्हेंबर २०२३ मध्ये शाळांच्या पोषण आहारात आठवड्याला एक अंडं देण्याचा निर्णय झाला. न खाणाऱ्यांना केळं किंवा दुसरं फळ, म्हणजे सक्ती कुणावरच नव्हती. जानेवारी २०२५ मध्ये सरकारने त्याचा निधी बंद केला. पगारदार माणसाने ओटीजीत अंड्याशिवाय कीश करणं हा छंद आहे. ज्या पोराच्या घरी अंडं परवडत नाही त्याच्या ताटातून ते जाणं हा छंद नाही. माझ्या कीशचा दाखला देऊन कुणी 'बघा, अंड्यावाचून काही अडत नाही' म्हणणार असेल, तर मी टिनसकट परत घेईन.

आता तिसरं वाक्य.

माझ्या ताईची मुलगी सहा वर्षांची आहे. तिला अंड्याची आणि दुधाची, दोन्हीची अ‍ॅलर्जी. पिझ्झा नाही, आइस्क्रीम नाही, पेढा नाही. प्रत्येक वाढदिवसाला ती स्वतःचा डबा घेऊन जाते आणि सगळी पोरं केक खाताना पोळीचा लाडू खाते. गेल्या वर्षी अशाच एका वाढदिवसाला यजमानांनी ताईला हसत सांगितलं, "अहो, केक एगलेस आहे, प्युअर व्हेज. द्या की. एवढंसं खाल्लं तर काय होतंय?" ताई नको म्हणेपर्यंत कुणीतरी लाडाने पोरीच्या तोंडात घास भरवलाही होता. दहा मिनिटांत अंगभर गांधी उठल्या, ओठ सुजले. मी गाडी चालवत होतो, ताई मागे तिला मांडीवर घेऊन बसली होती. रस्ताभर ती एकच विचारत होती, "मामा, पण ते व्हेज होतं ना?"

ती वाचली. नंतर कळलं, केकमध्ये दुधाची पावडर होती.

त्या यजमानांचा हेतू वाईट नव्हता. पण 'प्युअर व्हेज' हे दोन शब्द ऐकले की आपलं डोकं पुढचा प्रश्न विचारत नाही, कारण आपल्या लेखी ते घटकांचं वर्णन नाही, ते चारित्र्याचं सर्टिफिकेट आहे. पाकिटावरचा हिरवा ठिपका एवढंच सांगतो की आत मांस-मासे-अंडं नाही. दूध त्याला चालतं. २०२० च्या लेबलिंगच्या नियमांनुसार दूध, अंडं, शेंगदाणे, सोया, गहू वगैरे अ‍ॅलर्जीचे घटक पाकिटावर वेगळे लिहावे लागतात आणि २०२२ पासून व्हीगन पदार्थांसाठी वेगळं चिन्हही आलंय. पण कोपऱ्यावरच्या बेकरीतून येणाऱ्या पांढऱ्या खोक्यावर यातलं काहीच नसतं. त्यावर फक्त 'एगलेस' लिहिलेलं असतं, लाल क्रीमने.

तर हे कीश मी कुणाच्या शुद्धतेसाठी केलं नाही आणि फ्रान्सला हरवायलाही नाही. ते एका सहा वर्षांच्या पोरीसाठी केलं, जिला सगळ्यांच्या ताटातला पदार्थ सगळ्यांबरोबर खायचा होता. तिला नारळ चालतो, गहू चालतो, बेसन चालतं, हे विचारून, तपासून, मग केलं. उद्या तुमच्या घरी कुणी जेवायला आलं आणि म्हणालं 'मला हे चालत नाही', तर कृपा करून त्याचं सोवळंही समजू नका आणि नखराही समजू नका. 'यात काय काय आहे' हे सांगा. संपूर्ण यादी, तेलापासून. माहीत नसेल तर माहीत नाही म्हणा. एवढंच मागणं आहे.

मित्राला 'बेसनाचा केक' म्हणायचं असेल तर खुशाल म्हणू दे. काकूंना सांगायचं धैर्य अजून गोळा करतोय, सध्या करार संपायला पाच महिने आहेत :-)

परवा भाचीचा सातवा वाढदिवस झाला. केकच्या जागी कीश, त्यावर सात मेणबत्त्या. बाकीच्या पोरांनी आधी नाकं मुरडली, मग तिसरा टिन लावावा लागला. तिचा डबा यावेळी घरीच राहिला. आईने एक तुकडा खाल्ला, दुसरा घेतला आणि म्हणाली, "चांगली झालीये रे पाटवडी. पण दाण्याचं कूट हवं होतं."